विश्लेषण : लोकमान्य टिळकांना खोट्या साक्षीबद्दल झालेली शिक्षा उच्च न्यायालयात रद्द का झाली? मराठवाड्यातील दत्तकविधानाशी जोडलेले ताईमहाराज प्रकरण काय होते?

लोकमान्य टिळक आणि न्यायालय म्हटले की १८९७ आणि १९०८ चे राजद्रोहाचे खटले आठवतात. त्या दोन्ही खटल्यांत त्यांना शिक्षा झाली आणि ती त्यांनी भोगली. मात्र या दोन खटल्यांच्या मधल्या काळात त्यांच्यावर आणखी एक फौजदारी खटला चालला. त्यातला आरोप राजकीय नव्हता. शपथेवर खोटे बोलल्याचा तो आरोप होता. खालच्या न्यायालयाने त्यांना दीड वर्षाची सक्तमजुरी सुनावली, अपिलात ती सहा महिन्यांवर आली आणि ३ मार्च १९०४ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने दोषसिद्धीच रद्द केली. या सगळ्याचे मूळ मराठवाड्यात, तेव्हाच्या निजाम राज्यातील औरंगाबादेत झालेल्या एका दत्तकविधानात होते. पुरावा किती तोलून घ्यावा लागतो आणि अपिलाचा हक्क माणसाला कशातून वाचवू शकतो, हे समजून घेण्यासाठी हे प्रकरण आजही उपयोगी आहे.

टिळकांचा कायद्याशी संबंध कसा आला?

बाळ गंगाधर टिळक यांचा जन्म २३ जुलै १८५६ रोजी रत्नागिरीत झाला. पुण्याच्या डेक्कन कॉलेजातून पदवी घेतल्यावर त्यांनी १८७९ मध्ये कायद्याची परीक्षा दिली. पण वकिलीची सनद घेऊन पैसा मिळवण्याऐवजी त्यांनी १८८० मध्ये विष्णुशास्त्री चिपळूणकरांबरोबर न्यू इंग्लिश स्कूल सुरू केले. १८८१ पासून ‘केसरी’ आणि ‘मराठा’ ही पत्रे निघू लागली. पुढे डेक्कन एज्युकेशन सोसायटी आणि फर्ग्युसन कॉलेजच्या उभारणीत त्यांचा वाटा होता. १८९० मध्ये ते सोसायटीतून बाहेर पडले. त्यानंतर पोटापाण्यासाठी त्यांनी पुण्यात कायद्याचा वर्ग चालवला. म्हणजे पुढे आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहिलेला हा माणूस काही काळ इतरांना कायदा शिकवत होता.

पुराव्याचा पहिला धडा त्यांना कधी मिळाला?

१८८२ मध्ये. कोल्हापूरचे छत्रपती शिवाजी महाराज (चौथे) यांना वाईट वागणूक मिळत असल्याची चर्चा तेव्हा होती. संस्थानचे कारभारी महादेव वासुदेव बर्वे यांच्याकडे त्यासाठी बोट दाखवले जात होते. काही पत्रे हाती आली आणि त्यांच्या आधारे ‘केसरी’ व ‘मराठा’मध्ये बर्व्यांवर टीका छापली गेली. बर्व्यांनी अब्रुनुकसानीची फिर्याद केली. सुनावणीत ती पत्रे बनावट असल्याचे दिसून आले. टिळक आणि आगरकर यांनी माफी मागितली, तरी जुलै १८८२ मध्ये दोघांना चार महिन्यांची शिक्षा झाली. डोंगरीच्या तुरुंगात त्यांनी १०१ दिवस काढले.

या खटल्यात टिळकांचा हेतू वाईट होता असे कोणी म्हणत नव्हते. पण हाती आलेला कागद खरा की खोटा, हे तपासण्याआधी त्यावर विसंबल्याची किंमत त्यांना मोजावी लागली. वीस वर्षांनी पारडे उलटले. तेव्हा त्यांच्याविरुद्धचा पुरावा कितपत विश्वासार्ह आहे, हे न्यायालयांना ठरवायचे होते.

ताईमहाराज प्रकरणाची सुरुवात कशी झाली?

वासुदेव हरिहर पंडित ऊर्फ बाबामहाराज हे पुण्यातले पहिल्या दर्जाचे सरदार आणि टिळकांचे स्नेही होते. ऑगस्ट १८९७ मध्ये ते पटकीने आजारी पडले. टिळक त्या वेळी स्वतःच संकटात होते. राजद्रोहाच्या आरोपाखाली त्यांना २७ जुलैला अटक झाली होती आणि ४ ऑगस्टला न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी यांनी जामीन दिल्याने ते नुकतेच बाहेर आले होते. ७ ऑगस्टला बाबामहाराजांचे निधन झाले. मृत्यूपूर्वी केलेल्या मृत्युपत्रात त्यांनी मालमत्तेची व्यवस्था काही विश्वस्तांवर सोपवली. त्यात टिळक आणि अमरावतीचे वकील गणेश श्रीकृष्ण खापर्डे यांची नावे होती.

बाबामहाराजांच्या मागे राहिलेल्या पत्नी म्हणजे ताईमहाराज. त्यांचे नाव सकवारबाई. त्या तेव्हा जेमतेम पंधरा-सोळा वर्षांच्या आणि गरोदर होत्या. मुलगा झाला नाही किंवा झालेला मुलगा जगला नाही, तर विश्वस्तांच्या संमतीने त्यांच्या मांडीवर दत्तक द्यावा, असे मृत्युपत्रात ठरले होते. जानेवारी १८९८ मध्ये मुलगा झाला, पण दोन महिन्यांतच गेला. त्यामुळे दत्तकाचा प्रश्न उभा राहिला. मालमत्तेवर कर्जही होते. टिळक तेव्हा राजद्रोहाची शिक्षा भोगत होते. सप्टेंबर १८९८ मध्ये सुटल्यावर त्यांनी या कामात लक्ष घातले.

औरंगाबादेत काय घडले?

पंडित घराण्याची एक शाखा निजाम राज्यातील निधोने येथे होती. त्या शाखेतला जगन्नाथ हा मुलगा निवडण्यासाठी जून १९०१ मध्ये टिळक, खापर्डे आणि ताईमहाराज औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला गेले. मनमाडहून औरंगाबाद, जालना, परभणीमार्गे हैदराबादकडे जाणारी गोदावरी खोऱ्यातली रेल्वे तेव्हा नवीनच होती. परभणी तालुक्यातले पेडगाव स्थानक याच मार्गावर आहे. आज जे अंतर गाडीने सहज कापले जाते, त्याच्या दोन टोकांना तेव्हा दोन वेगळी राज्ये होती. पुणे ब्रिटिश मुलखात, तर औरंगाबाद आणि परभणी निजामाच्या अमलाखाली.

२८ जून १९०१ रोजी औरंगाबादेत जगन्नाथचे दत्तकविधान झाले, असे टिळक आणि विश्वस्तांचे म्हणणे होते. हिंदू कायद्यात दत्तकासाठी देणे आणि घेणे या दोन गोष्टी प्रत्यक्ष घडाव्या लागतात. जन्मदात्या बापाने मुलगा द्यायचा आणि घेणाऱ्या आईने तो मांडीवर घ्यायचा. हे घडले की नाही, एवढ्या एका प्रश्नावर पुढची चौदा वर्षे पुणे, मुंबई आणि लंडन येथे खटले चालले.

पुण्यात परतल्यावर चित्र बदलले. ताईमहाराजांभोवती असलेल्या काही मंडळींनी कोल्हापूरच्या पंडित शाखेतील बाळामहाराज यांना दत्तक घेण्याचा आग्रह धरला. जुलैअखेर ताईमहाराजांनी पुण्याच्या जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करून विश्वस्तांना मिळालेले प्रोबेट, म्हणजे मृत्युपत्र अमलात आणण्याचा अधिकार, रद्द करण्याची मागणी केली. ऑगस्टमध्ये त्यांनी बाळामहाराजांना दत्तक घेतले. एका घरात दोन दत्तक झाले आणि दोन्ही बाजू शपथेवर परस्परविरोधी सांगू लागल्या.

साक्षीदाराचे आरोपी कसे झाले?

प्रोबेटचा अर्ज जिल्हा न्यायाधीश ॲस्टन यांच्यापुढे चालला. टिळकांनी साक्ष दिली आणि त्यांची प्रदीर्घ उलटतपासणी झाली. ३ एप्रिल १९०२ रोजी ॲस्टन यांनी प्रोबेट रद्द केले. औरंगाबादचे दत्तकविधान झालेच नाही, असे त्यांचे मत पडले. एवढ्यावर न थांबता त्यांनी खोटी साक्ष देणे, खोटा पुरावा तयार करणे, बनावट कागद करणे अशा आरोपांखाली टिळकांना फौजदारी न्यायालयाकडे पाठवले.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यावी लागते. दिवाणी वादात न्यायाधीश एका बाजूवर विश्वास ठेवतो आणि दुसरीवर ठेवत नाही. हे रोज घडते. पण साक्ष न पटणे आणि ती जाणूनबुजून खोटी दिली आहे हे सिद्ध होणे, या वेगळ्या गोष्टी आहेत. माणूस विसरतो, त्याच्या ऐकण्यात चूक होते, एकच प्रसंग दोघांना वेगवेगळा आठवतो. खोट्या साक्षीच्या गुन्ह्यात विधान खोटे होते आणि ते खोटे असल्याचे बोलणाऱ्याला माहीत होते, हे दोन्ही सरकार पक्षाला सिद्ध करावे लागते. मराठीत वेड पांघरून पेडगावला जाणे असा वाक्प्रचार आहे. त्यातले पेडगाव भीमाकाठचे, श्रीगोंद्याजवळचे मानले जाते. परभणीचे पेडगाव त्याचे फक्त नामबंधू. पण खोट्या साक्षीच्या खटल्यातला कळीचा प्रश्न या वाक्प्रचारात नेमका आहे. माणसाने वेड खरोखर पांघरले होते का, हे न्यायालयाला अंदाजाने ठरवता येत नाही, त्याला पुरावा लागतो.

प्रोबेट रद्द करण्याचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने १९०२ मध्येच फिरवला. फौजदारी कारवाई थांबवण्यास मात्र नकार दिला. त्यामुळे ज्या दिवाणी प्रकरणातून आरोप निघाले, त्यातला आदेश गेला तरी आरोप उरले.

दीड वर्षाची शिक्षा कधी झाली?

खटला विशेष दंडाधिकारी क्लेमेंट्स यांच्यापुढे चालला. सुनावणी लांबत गेली. टिळकांसाठी हा काळ कसोटीचा होता. १९०३ मध्ये त्यांचा थोरला मुलगा विश्वनाथ प्लेगने गेला. त्याच वर्षी वेदांतील आर्यांच्या मूळ स्थानाविषयीचा त्यांचा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला. एकीकडे ‘केसरी’चे काम, दुसरीकडे प्लेगचे सावट आणि तिसरीकडे न्यायालयाच्या तारखा असे त्यांचे दिवस जात होते.

२४ ऑगस्ट १९०३ रोजी क्लेमेंट्स यांनी टिळकांना दोषी ठरवून दीड वर्षाची सक्तमजुरी आणि एक हजार रुपये दंड अशी शिक्षा दिली. राजद्रोहात तुरुंगात जाणे आणि खोटारडा म्हणून तुरुंगात जाणे यांत मोठा फरक होता. पहिल्यात लोकांच्या नजरेत मान वाढत होता. दुसऱ्यात संपादक म्हणून, पुढारी म्हणून आणि मित्राने विश्वासाने नेमलेला विश्वस्त म्हणून त्यांची पतच जात होती. ताईमहाराजांचे निधनही १९०३ मध्येच झाले. म्हणजे ज्या दोघांच्या शब्दाभोवती हा वाद फिरत होता, त्यांतली एक व्यक्ती आता पुन्हा साक्ष द्यायला येणार नव्हती.

अपिलात काय झाले?

पहिले अपील पुण्याच्या सत्र न्यायालयात न्यायाधीश ल्यूकस यांच्यापुढे झाले. जानेवारी १९०४ मध्ये त्यांनी शिक्षा सहा महिन्यांवर आणली, पण दोषसिद्धी कायम ठेवली. टिळकांना काही दिवस तुरुंगात काढावे लागले आणि मग जामीन मिळाला.

त्या काळच्या फौजदारी प्रक्रियेनुसार अशा प्रकरणात दुसरे अपील नव्हते. उच्च न्यायालयाकडे पुनरीक्षणाचा, म्हणजे रिव्हिजनचा अर्ज करता येत होता. मुख्य न्यायमूर्ती सर लॉरेन्स जेंकिन्स आणि न्यायमूर्ती बॅटी यांच्यापुढे तो अर्ज चालला. ३ मार्च १९०४ रोजी त्यांनी दोषसिद्धी आणि शिक्षा दोन्ही रद्द केल्या. उरलेले आरोपही पुढे चालले नाहीत. जवळपास दोन वर्षे चाललेला फौजदारी ससेमिरा तिथे संपला.

एक बाब विसरता येणार नाही. ॲस्टन, क्लेमेंट्स, ल्यूकस, जेंकिन्स आणि बॅटी हे सगळे एकाच ब्रिटिश न्यायव्यवस्थेतले होते. खाली एक निष्कर्ष निघाला आणि वर दुसरा. वरच्या न्यायालयाचे न्यायाधीश अधिक हुशार असतात, हे त्याचे कारण नव्हे. वरचे न्यायालय खालच्या वातावरणापासून दूर असते. नोंदवलेला पुरावा ते थंड डोक्याने पुन्हा वाचते आणि निष्कर्ष त्या पुराव्यावर उभा राहतो का, एवढेच पाहते. अपिलाची सोय असते ती याचसाठी.

मग दत्तकविधान खरे की खोटे, याचा निकाल कधी लागला?

फौजदारी सुटकेने तो प्रश्न सुटला नव्हता. दिवाणी दावा वेगळा चालू होता. १९०६ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने औरंगाबादचे दत्तकविधान झाल्याचे मान्य केले. १९१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. टिळक तेव्हा मंडालेच्या तुरुंगात होते. त्या निकालाने टिळक आणि त्यांच्या बाजूच्या साक्षीदारांच्या खरेपणावर पुन्हा प्रश्नचिन्ह उभे राहिले.

प्रकरण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे गेले. ते बाळ गंगाधर टिळक विरुद्ध श्रीनिवास पंडित या नावाने ओळखले जाते. २६ मार्च १९१५ रोजी प्रिव्ही कौन्सिलने उच्च न्यायालयाचा निकाल रद्द करून जगन्नाथचे दत्तकविधान ग्राह्य धरले. टिळक आदल्या वर्षीच्या जूनमध्ये मंडालेहून सुटून आले होते.

या निकालातला पुराव्याविषयीचा भाग भारतातल्या न्यायालयांत पुढेही आधार म्हणून घेतला जाऊ लागला. त्याचा आशय साध्या शब्दांत असा : साक्षीदाराने आधी दुसरीकडे वेगळे सांगितले होते असे म्हणायचे असेल, तर ते वेगळे वाक्य त्याला साक्षीच्या वेळी दाखवले पाहिजे आणि खुलासा करण्याची संधी दिली पाहिजे. आधीच्या प्रकरणातली संपूर्ण जबानी नुसती दप्तरात जोडून द्यायची, साक्षीदाराला त्याबद्दल काहीच विचारायचे नाही आणि निकालात मात्र त्यातल्या विसंगती शोधून त्याला खोटारडा ठरवायचे, ही पद्धत न्यायाची नाही. प्रतिष्ठित आणि एकमेकांशी ओळख नसलेले अनेक लोक मिळून कट करून खोटे बोलले, असा निष्कर्ष काढायचा तर तसा आरोप त्यांच्या तोंडावर व्हायला हवा आणि त्याला ठोस आधार हवा.

कायद्यात ही तरतूद तेव्हाही होती, १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम १४५ मध्ये. आज ती भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम १४८ मध्ये आहे. कोणत्याही गुन्ह्याच्या खटल्यात साक्षीदाराच्या आधीच्या लेखी जबाबातली विसंगती समोर आणायची असेल, तर वकिलाला हाच मार्ग धरावा लागतो.

टिळकांचे बाकीचे खटले वेगळे का ठरले?

राजद्रोहाच्या खटल्यांत कोणी काय पाहिले हा वाद नव्हता. लेख टिळकांच्या पत्रात छापून आले, हे उघड होते. वाद त्यांच्या अर्थाचा होता. १८९७ मध्ये ज्यूरीतले सहा जण दोषीच्या बाजूने आणि तिघे विरुद्ध होते. न्यायमूर्ती स्ट्रॅची यांनी दीड वर्षाची शिक्षा दिली. प्रिव्ही कौन्सिलने अपिलाची परवानगीही दिली नाही. १९०८ मध्ये सात विरुद्ध दोन असा ज्यूरीचा कौल पडला आणि न्यायमूर्ती दावर यांनी सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा सुनावली. ती मंडालेला भोगावी लागली. तिथेच ‘गीतारहस्य’ लिहिले गेले. १९१५ मध्ये ते प्रसिद्ध झाले.

१९१६ मध्ये मात्र उच्च न्यायालयाने पुन्हा त्यांच्या बाजूने निकाल दिला. होमरूलच्या प्रचारासाठी बेळगाव आणि अहमदनगर येथे केलेल्या भाषणांवरून पुण्याच्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी त्यांच्याकडून चांगल्या वर्तणुकीसाठी वीस हजारांचा जातमुचलका आणि दहा-दहा हजारांचे दोन जामीन मागितले होते. बॅरिस्टर महंमद अली जीना यांनी टिळकांची बाजू मांडली. ९ नोव्हेंबर १९१६ रोजी उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. भाषण तुकड्यातुकड्यांनी न वाचता संपूर्ण वाचून त्याचा अर्थ लावला पाहिजे, हा त्यातला मुद्दा होता.

ताईमहाराजांच्या मालमत्तेचे काम टिळकांनी अखेरपर्यंत सोडले नाही. जुलै १९२० मध्ये ते मुंबईला गेले तेही याच प्रकरणाच्या कामासाठी. तिथेच ते आजारी पडले आणि १ ऑगस्ट १९२० रोजी सरदारगृहात त्यांचे निधन झाले. मित्राने अंथरुणावरून दिलेली जबाबदारी त्यांनी तेवीस वर्षे वाहिली.

ताईमहाराजांची बाजू दुबळी होती का?

निकाल टिळकांच्या बाजूने लागला म्हणून ताईमहाराजांची अडचण खोटी ठरत नाही. कोवळ्या वयात वैधव्य आणि लगोलग मुलाचा मृत्यू, डोक्यावर कर्ज आणि सगळा कारभार पुरुष विश्वस्तांच्या हाती, अशी त्यांची स्थिती होती. आपल्या घरात कोण वारस येणार, याबद्दल त्यांना स्वतःचे मत असणे स्वाभाविक होते. त्या काळच्या कायद्यात विधवेला आपल्या मनाप्रमाणे वागण्याची मोकळीक फार थोडी होती. औरंगाबादेत दत्तकविधान घडले होते का, हा न्यायालयापुढचा प्रश्न होता. ते घडावे अशी त्यांची मनापासून इच्छा होती का, हा प्रश्न त्याहून वेगळा आहे. चरित्र वाचताना दोन्ही वेगळे ठेवणे बरे.

परभणी जिल्ह्याशी याचा आजचा संबंध काय?

पुरावा डळमळीत म्हणून अपिलात सुटका झाल्याचे मोठे उदाहरण परभणी जिल्ह्यातच आहे. पेडगावच्या पुढे याच रेल्वेमार्गावर मानवत रोड स्थानक लागते. त्या मानवतमध्ये १९७२ ते १९७४ या काळात महिला आणि मुलींच्या हत्यांची मालिका घडली आणि सारा महाराष्ट्र हादरला. परभणीच्या सत्र न्यायालयाने प्रमुख आरोपी मानल्या गेलेल्या दोघांनाही फाशी सुनावली होती. ते दोघे अपिलात निर्दोष सुटले, तर प्रत्यक्ष हत्या केल्याचे सिद्ध झालेल्या काही जणांची दोषसिद्धी कायम राहिली. १९७७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात माफीच्या साक्षीदाराचा मुद्दा महत्त्वाचा होता. स्वतः गुन्ह्यात सामील असलेला माणूस माफी मिळवून दुसऱ्याकडे बोट दाखवतो, तेव्हा त्या आरोपीला गुन्ह्याशी जोडणारा स्वतंत्र पुरावा मिळतो का, हे न्यायालय पाहते. नुसत्या त्याच्या शब्दावर कोणाला फासावर चढवणे धोक्याचे मानले जाते.

अशी सुटका झाली की लोक चिडतात. मग गुन्हा केला कोणी, असे विचारतात. हत्या झालेल्यांच्या घरच्यांचा तो प्रश्न रास्तच असतो. पण गुन्हा भयंकर आहे म्हणून पुराव्याची अट सैल करता येत नाही. शिक्षा जितकी मोठी, तितका चुकीचा माणूस सापडल्यास होणारा अन्यायही मोठा.

आज पेडगावच्या माणसाला अपील करायचे असेल तर?

मार्ग ठरलेला आहे. परभणीच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांनी शिक्षा दिली, तर अपील परभणीच्या सत्र न्यायालयात होते. त्यासाठी मुदत ३० दिवसांची. सत्र न्यायालयाने खटला चालवून मोठी शिक्षा दिली, तर अपील मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात होते. त्यासाठी मुदत ६० दिवसांची आणि फाशीच्या शिक्षेत ३० दिवसांची. पुरेसे कारण दाखवल्यास न्यायालय विलंब माफ करू शकते. ज्या शहरातल्या दत्तकविधानावरून टिळकांवर खटला झाला, त्याच शहरात आज मराठवाड्यातली फौजदारी अपिले ऐकली जातात.

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१५ मध्ये दोषसिद्धीविरुद्ध अपिलाचा हक्क आहे. कलम ४२७ नुसार अपील न्यायालय दोषसिद्धी रद्द करून आरोपीला सोडू शकते, फेरसुनावणीचा आदेश देऊ शकते किंवा शिक्षा कमी करू शकते. फक्त आरोपीनेच अपील केले असेल, तर त्याच अपिलात त्याची शिक्षा वाढवता येत नाही. अपील चालू असताना शिक्षा स्थगित करून जामीन मागता येतो. ती तरतूद कलम ४३० मध्ये आहे.

वकील लावण्याची ऐपत नसली तरी हा हक्क जात नाही. महिला, बालके, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि कोठडीत असलेली कोणतीही व्यक्ती यांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. उत्पन्नाच्या मर्यादेत बसणाऱ्या इतरांनाही तो मिळतो. अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करता येतो. तुरुंगात असलेल्या व्यक्तीला तुरुंग अधिकाऱ्यांमार्फतही अपील पाठवता येते.

टिळकांच्या खटल्यातून काय घ्यायचे?

टिळक कायदा जाणत होते. त्यांच्यामागे मित्र होते, वकील होते आणि स्वतःचे वृत्तपत्र होते. तरीही पहिल्या दोन न्यायालयांत त्यांचा शब्द टिकला नाही. तिसऱ्या पायरीवर सुटका झाली आणि त्यांच्या शब्दावरचे सावट पूर्ण दूर व्हायला त्यानंतर आणखी अकरा वर्षे लागली. ज्याच्यामागे यातले काहीच नाही, त्याने पहिल्याच निकालावर हात टेकले तर सगळे तिथेच संपते. म्हणूनच निकाल विरुद्ध गेला तर सर्वांत आधी निकालाची प्रत मागावी. आरोपीला ती विनामूल्य मिळते. मग तारीख मोजावी आणि मुदतीत अपील दाखल करावे.